फिनिश वर्गात कळतं, कामावर कळत नाही. बोली वेगळी शिकायची का?

मलप्रभाकाठ

नमस्कार मंडळी. मी खानापूरचा. मराठी शाळा, पुढं बेळगावात इंजिनिअरिंग, आणि ऑगस्टपासून फिनलंडमध्ये ताम्पेरेत एम.एस्सी. करतोय. शिक्षण इंग्रजीतून आहे, पण इथंच नोकरी बघायचा विचार असल्यामुळं विद्यापीठाचा फिनिशचा कोर्स पहिल्याच सत्रात घेतला. वर्गात बरं चाललंय. विभक्त्या डोक्यात बसतात, गृहपाठ वेळेवर होतो, बाई सावकाश बोलतात ते सगळं कळतं.

पण सुट्टीच्या दिवशी एका जेवणघरात भांडी धुण्याच्या बाजूला काम करतो, तिथं गेलो की वर्गातलं काहीच ओळखीचं वाटत नाही. परवा सोबतची बाई ट्रे दाखवून म्हणाली, "वीत्सिक्सॅ विएदॅ नॅऽ तोन्ने?" मला त्यातलं फक्त 'विएदॅ', म्हणजे नेणं, तेवढं कळलं. मी क्षणभर थांबलो, तर तिनं तेच इंग्रजीत सांगितलं. रात्री वर्गातल्या एका फिनिश मुलाला विचारलं. त्यानं पुस्तकी रूप लिहून दिलं: "वीत्सिसित्को विएदॅ नॅमॅ तुओन्ने?" म्हणजे 'हे जरा तिकडं नेशील का?' यातला एकेक शब्द मला येतो! पण तिच्या तोंडून आलेल्या चारपैकी तीन शब्द माझ्या पुस्तकात त्या रूपात नाहीतच.

तर विचारायचंय ते असं. ही बोली आत्तापासून वेगळी शिकावी, की आधी पुस्तक पुरं करावं? शिकायची तर ताम्पेरेची की हेलसिंकीची? मी जरा अडलो की लोक लगेच इंग्रजीवर जातात, त्यांना कसं थांबवायचं? आणि वहीत उच्चार देवनागरीत लिहून ठेवतोय, पण ऱ्हस्व ओ आणि दीर्घ ओ वेगळा दाखवता येत नाही. (इथं लांब स्वरापुढं ऽ टाकलाय.) त्याला काही उपाय?

तिलकवाडीकर

मी एस्पोत सॉफ्टवेअरमध्ये आहे. आमच्याकडं बैठका, ईमेल, कोड सगळं इंग्रजीत चालतं. तुझ्या वेळेचा हिशेब बघ. अभ्यास, प्रबंध, आणि विद्यार्थ्याला आठवड्याला सरासरी ३० तासांपर्यंत काम करायची मुभा आहे म्हणून कामही असणार. त्यात दोन प्रकारची फिनिश एकदम अंगावर घेऊ नकोस. आधी पदवी आणि नोकरी, मग भाषा. दुकानात, बँकेत, दवाखान्यात इंग्रजीवर भागतं, हे मी रोज बघतोय. नागरिकत्वाचा विचार आला की युकि नावाची भाषापरीक्षा द्यावी लागते. तिच्या सहा पातळ्या असतात आणि नागरिकत्वाला तिसरी लागते. ते पुढचं पुढं बघता येईल.

नंदगडची आक्का

भावा, मी नंदगडची, म्हणजे तुझ्याच तालुक्यातली. ताम्पेरेपासून जवळच्या एका गावात वृद्धांच्या निवासात काळजीवाहू सेविका म्हणून काम करते. तिलकवाडीकर सांगतात ते त्यांच्या ऑफिसापुरतं खरं आहे. माझ्या कामावर मात्र नव्वदीच्या आजी आहेत. त्यातल्या काहींची आठवण विस्कटलेली आहे. त्यांच्यापुढं इंग्रजीचा काय उपयोग? पुस्तकातला नीटनेटका प्रश्न विचारला तरी त्या बावरतात, सरकारी माणूस आलाय की काय असं त्यांना वाटतं. आणि तुझ्या भांड्यांच्या बाजूलाही माझ्यासारखंच आहे. तिथं हात चालू असताना तोंड चालतं. म्हणून पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर: होय, बोली शीक, आणि आजपासून शीक. पुस्तक सोडू नकोस. पुस्तकातलं प्रत्येक वाक्य लिहिलंस की त्याच्याखाली त्याचं बोलातलं रूप लिहायचं.

हे आपल्या माणसांना जड जाऊ नये असं मला मनापासून वाटतं, कारण आपण लहानपणापासून हेच करत आलोय. शाळेच्या कन्नड पुस्तकात 'होगुत्तेने' होतं, बसस्टँडवर 'होगतीनि' ऐकलं. पुस्तकात 'इदे', रस्त्यावर 'ऐती'. पुस्तकात 'एष्टु', खडेबाजारात 'एष्ट्री?' आणि मराठीचं तरी काय? वहीत 'तू काय करत आहेस' लिहायचं आणि घरी येऊन आईनं 'काय करूलास रे?' म्हटलं की उत्तर द्यायचं. कुणी याचा वेगळा तास घेतला नाही. पण कानाला ठाऊक झालं की वहीतल्या रूपापासून तोंडातल्या रूपापर्यंत एक ठरलेली वाट असते. फिनिशमध्येही ती वाट ठरलेली आहे, आणि बऱ्यापैकी सरळ आहे.

एक समजून घे. पुस्तकी फिनिश ही कुणाच्याच घरची भाषा नाही. फिनिशमधली पहिली छापील पुस्तकं मिकाएल आग्रिकोला यांनी १५४० च्या दशकात केली, ती पश्चिमेकडच्या, तुर्कूच्या बाजूच्या बोलीवर उभी होती. पुढं १९ व्या शतकात जाणकारांनी पूर्वेकडच्या बोलीतलंही पुष्कळ त्यात घेतलं आणि सगळ्या देशाला चालेल अशी एक लेखी भाषा घडवली. १८६३ च्या भाषा फर्मानानं फिनिशला कारभारात स्वीडिशच्या बरोबरीनं आणायची वाट उघडली. त्याआधी शतकानुशतकं वरचा सगळा व्यवहार स्वीडिशमध्ये होता. म्हणजे बातम्या, कायदे, अर्ज, तुझं पाठ्यपुस्तक या सगळ्याची भाषा ही एकत्र बसून बांधलेली भाषा आहे. ती आली पाहिजे, तिच्याशिवाय कागदपत्रं होत नाहीत. पण जेवताना ती कुणी बोलत नाही.

आता वाट कशी आहे ते सांगते. मिनॅ, सिनॅ (मी, तू) यांचं मॅ, सॅ होतं. त्याच ओघात मिनुल्ला, सिनुल्ला यांचं मुल्ला, सुल्ला, आणि मिनुन, सिनुन यांचं मुन, सुन. 'मिनॅ ओलेन' चं 'मॅ ओऽन'. पुस्तक नामाला 'माझं'चा वेगळा प्रत्ययही लावतं, 'मिनुन किर्यानि', माझं पुस्तक. बोलताना तो प्रत्यय सरळ गळतो: 'मुन किर्या'. नॅमॅ, तुओ, तुओन्ने यांचं नॅऽ, तोइ, तोन्ने. शेवटचा ऱ्हस्व इ बऱ्याचदा जातो, म्हणून युक्सि, काक्सि, वीसि चं युक्स, काक्स, वीस. आपल्या 'एष्टु'तला उ जसा रस्त्यावर पडतो तसाच. 'वाइकेआ' (अवघड) चं 'वाइकेऽ'. प्रश्नाचा 'को' आखडून 'क्स' होतो आणि त्याला 'सॅ' चिकटतं. तुझ्या बाईचं 'वीत्सिक्सॅ' तिथून आलं.

'आम्ही'चं रूप मात्र नीट बघ, कारण ते अंदाजानं कळत नाही. पुस्तकात 'मे मेनेम्मे', आम्ही जातो. बोलताना 'मे मेन्नॅऽन'. हे व्याकरणात कर्त्याशिवायचं, कर्मणी म्हणून शिकवलेलं रूप आहे आणि 'आम्ही'साठी सगळा देश तेच वापरतो. 'मे' काढून नुसतं 'मेन्नॅऽन' म्हटलं की 'चला, जाऊया'. माझ्या कामावर दिवसभरात सगळ्यात जास्त ऐकू येणारं रूप हेच. आजीला उठवताना, जेवायला नेताना, बाहेर फिरवताना, सगळीकडं 'मेन्नॅऽन'.

तो, ती यासाठी पुस्तकात 'हॅन', बोलताना 'से', जे पुस्तकात निर्जीव वस्तूसाठी असतं. आपल्याला माणसाला असं म्हणायला जड जातं, पण इथं त्यात अनादर अजिबात नाही. 'सॅ' चंही तसंच. डॉक्टरला, प्राध्यापकाला, मालकाला सगळ्यांना सॅ आणि पहिलं नाव. फक्त खूप म्हाताऱ्या माणसांशी मी 'ते' (तुम्ही) नं सुरुवात करते. त्या स्वतःच 'सॅ म्हण' म्हणाल्या तर सॅ. आपल्या घरचं वळण आहे, ते तिथं उपयोगी पडतं आणि आजींनाही बरं वाटतं.

वर्गात कुणी सांगणार नाही अशी एक गोष्ट आता. मराठीमुळं तुझी अर्धी फिनिश आधीच झालेली आहे. इंग्रजीतून व्याकरण समजून घ्यायला गेलास तर पंधरा विभक्त्या डोंगरासारख्या दिसतात. मराठीतून बघ. दुकानात, दुकानातून: काउपास्सा, काउपास्ता. छपरावर, छपरावरून: कातोल्ला, कातोल्ता. आत आणि आतून, वर आणि वरून, अशी जोडीनं चालणारी रूपं आपल्याकडंही आहेत. 'काउप्पा'तला एक प आणि 'कात्तो'तला एक त का गेला म्हणून वर्गातली युरोपातली मुलं रडकुंडीला येतात. आपण 'रस्त्यावर' म्हणताना 'रस्ता'चं 'रस्त्या' करतो, 'पाण्यात' म्हणताना 'पाणी'चं 'पाण्या' करतो. प्रत्यय लागायच्या आधी शब्दानं अंग बदलायचं असतं, हे आपल्याला सांगावं लागत नाही.

नकार बघ. मी जात नाही, तू जात नाहीस, ते जात नाहीत. क्रियापद तिथंच थांबतं आणि 'नाही' माणसाप्रमाणं बदलतं. फिनिशमध्ये अगदी हेच: एन मेने, एत मेने, एइ मेने. बोलताना ते चिकटून 'एम्मॅ मेऽ', 'एत्सॅ मेऽ' होतं. 'मला माहीत नाही' हे पुस्तकात 'एन तिएदॅ', आणि लोक म्हणतात 'एम्मॅ तीॲ'. हे दिवसातून शंभरदा कानावर येईल, आधी हेच पाठ कर. 'माझ्याकडं आहे' म्हणायला वेगळं क्रियापदही नाही, आपल्यासारखंच आहे: मुल्ला ओन. आजी म्हणतात 'मुल्ला ओन यानो', मला तहान लागलीय. तहान मला लागते, मी तहान बाळगत नाही. वाक्याचा हा सांधा मराठीत आणि फिनिशमध्ये एकाच जागी आहे.

प्रश्नाचा प्रत्यय तर कन्नडसारखा. 'बर्तीरी' ला शेवटी आ लावला की 'बर्तीरा?' तसा फिनिशमध्ये 'को' लागतो, आणि ज्या शब्दावर शंका असेल त्या शब्दाला लागतो.

आवाजांचं सांगते. त आपल्या त सारखाच, दाताला जीभ लावून. इंग्रजीच्या सवयीनं ट करू नकोस. प, त, क यांत हवा सोडायची नाही, म्हणजे आपले साधे प, त, क. र आपलाच. ॲ आपण 'बॅट', 'कॅम्प'मुळं रोज म्हणतो. नवे दोनच: एकात ओठ उ चे आणि जीभ ई ची, दुसऱ्यात ओठ ओ चे आणि जीभ ए ची. आरशापुढं बसलं की येतात. जोर नेहमी पहिल्या अक्षरावर.

पण लांबी! इथं मराठी माणसानं जपून राहायचं. आपण मराठीत शेवटचा इ, उ लांबच म्हणतो, आणि लिहितोही दीर्घ. फिनिशमध्ये शेवटचा स्वर आखूड असेल तर आखूडच ठेवावा लागतो, आणि मधलाही. तुलि म्हणजे आग, तूऽलि म्हणजे वारा, तुल्लि म्हणजे जकात. कन्नडमधलं 'इल्लि', 'अल्लि' आठव. तिथं जोडाक्षरही आहे आणि शेवटचा इ सुद्धा आखूड. खानापूर स्टँडवर कंडक्टर 'यल्लि इळीतीरी?' विचारतो, त्यातला 'यल्लि' जसा सुटतो, तसा 'तुल्लि' सोडायचा.

ताम्पेरे की हेलसिंकी? तू मॅ, सॅ बोल, ते देशभर चालतं. पण ओळखायला ताम्पेरेचं शीक, कारण राहतोस तिथं. इकडं मॅऽ, सॅऽ असं लांबवतात आणि भेटल्यावर 'मोरो' म्हणतात. पूर्वेकडं योएन्सूऽ, लाप्पेएनरान्ता भागात मिए, सिए ऐकशील. कुणीही तुला त्यावरून अडवणार नाही. हेलसिंकीची शहरी पोरांची खास बोली आहे, तिची तुला आत्ता गरज नाही.

आता इंग्रजीवर जाण्याचं. ती माणसं तुला तोडत नसतात, तुझी सोय बघत असतात. काम अडू नये एवढंच त्यांना हवं असतं. म्हणून तू अडलास तरी गप्प थांबू नकोस. जेवढं कळलं तेवढं परत म्हण. ती 'वीत्सिक्सॅ विएदॅ नॅऽ तोन्ने' म्हणाली, तुला 'विएदॅ' कळलं, तर ट्रेला हात लावून 'विएन्क्स मॅ नॅऽ?' म्हण, 'मी नेऊ हे?' ती 'योऽ' म्हणेल आणि बोलणं फिनिशमध्येच राहील. काहीच कळलं नाही तर 'आन्तेऽक्स, वोइत्सॅ सानोऽ उऽदेस्ताऽन?', माफ कर, परत सांगशील का. हे एवढं वाक्य भरभर आणि न अडखळता यायला हवं. ते नीट आलं की समोरचा फिनिश सोडत नाही. आणि पहिल्याच दिवशी कामावरच्या माणसांना सांगून टाक, 'मॅ ओपेत्तेलेन सुओमेऽ', मी फिनिश शिकतोय. लोकांना त्याचं फार अप्रूप आहे. आमच्या एक आजी रोज मला झाडांची नावं विचारतात, खिडकीतून बोट दाखवून.

आणखी एक, ऐकताना दचकू नकोस. इथं बायका विशेषतः 'योऽ' श्वास आत घेत म्हणतात. दम लागल्यासारखं वाटतं, पण तो नुसता होकार असतो. आणि दोन वाक्यांमध्ये ती माणसं थांबतात. तेवढी जागा भरायची घाई करू नकोस, ते तुला विचार करायला मिळालेले क्षण आहेत.

निपाणीकर

आक्कांनी फार चांगलं लिहिलंय. माझी दोन-तीन गोष्टींची भर.

मी आधी बेळगावात उद्यमबागला होतो, आता वाऽसात एका कारखान्यात जोडणीच्या कामावर आहे. तुझा वहीचा प्रश्न माझ्याही पुढं होता. उपाय साधा आहे: कन्नड लिपीत लिही. तिच्यात ऱ्हस्व ए, दीर्घ ए, ऱ्हस्व ओ, दीर्घ ओ यांना वेगवेगळी अक्षरं आहेत, जोडाक्षरंही चोख बसतात, आणि ऱ्हस्व इ शेवटी लिहिताना हात अडत नाही. फिनिशला जे लागतं ते त्या लिपीत बहुतेक सगळं आहे. फक्त ॲ आणि ते दोन नवे स्वर यांना खुणा ठरवून घे, मी अक्षरावर टिंब देतो. शाळेत दुसरी भाषा म्हणून गिरवलेली अक्षरं इतक्या उत्तरेला येऊन रोज हाताखाली येतात, याचा मला खरंच आनंद वाटतो. अर्थात ही कुबडी पहिल्या काही महिन्यांपुरती. फिनिश जशी लिहितात तशीच वाचतात, एका अक्षराला एक आवाज, त्यामुळं पुढं त्यांच्याच लिपीतून थेट वाचायला लाग.

कन्नडशी एवढं जुळतंय म्हटल्यावर कुणीतरी तुला सांगेलच की द्राविडी भाषा आणि फिनिश एकाच घराण्यातल्या. १९ व्या शतकात काही अभ्यासकांनी तसं मांडलं होतं, पण भाषाशास्त्रात ते मान्य झालेलं नाही. फिनिश ही उरालिक घराण्यातली, एस्टोनियन तिची जवळची बहीण आणि हंगेरियन लांबची. प्रत्ययाला प्रत्यय जोडत जायची रीत दोन्हीकडं आहे, तिचा फायदा घे. नातं लावायला जाऊ नकोस.

ऐकण्याच्या सरावाला यूले या इथल्या सार्वजनिक प्रसारण संस्थेचं सगळं फुकट आहे. सोप्या फिनिशमधल्या बातम्या त्यांच्याकडं असतात. त्या सावकाश आणि पुस्तकी असतात, वर्गाला पूरक. पण तुला हवी ती गोष्ट त्यांच्या मालिकांमध्ये सापडेल. फिनिश मालिकेला फिनिश उपशीर्षकं लावायची. पात्रं बोलतात बोलीत, आणि खाली पट्टी बऱ्याच वेळा पुस्तकाच्या जवळ जाणाऱ्या भाषेत येते. कानाला 'एम्मॅ तीॲ' आणि डोळ्याला 'एन तिएदॅ'. आक्का म्हणतात ती वाट यात आपोआप दिसायला लागते. एक प्रसंग दोन-तीनदा बघ, मग पट्टी बंद करून बघ. वाचनालयांमध्ये भाषा-कॅफे असतात, तिथं बसून नुसत्या गप्पा मारायच्या असतात. तुझ्या गावच्या वाचनालयात चौकशी कर.

आकडे मात्र अगदी वेगळे काढून शिक. कारखान्यात मापं, वेळा, खोक्यांचे नंबर, सगळं आखूड रूपात येतं. सात, आठ, नऊ पुस्तकात सेइत्सेमॅन, काह्देक्सान, युह्देक्सॅन. लोक म्हणतात सेइत्तेमॅन, काहेक्सान, युहेक्सॅन. मधला द बोलताना बऱ्याच ठिकाणी जातोच, आकड्यांत तर हमखास. दुकानात पैसे देतानाही हेच, आणि तिथं मागोमाग 'कुइत्ति?' विचारतात, पावती हवी का. एका शब्दाचा प्रश्न आहे. 'योऽ, कीतोस' किंवा 'एइ, कीतोस' म्हणून मोकळं व्हायचं.

जाता जाता, विषयाला थोडं सोडून. आपल्या भागातल्या माणसाचं लक्ष नव्या गावात पाटीकडं आधी जातं. वाऽसात रस्त्यांच्या पाट्या फिनिश आणि स्वीडिश दोन्हीत आहेत. इथल्या कायद्यात आकडाच ठरवून दिलाय: अल्पसंख्य भाषा बोलणारे गावात ८ टक्के असले किंवा ३००० असले की ते गाव दुभाषी, आणि तिथल्या कचेरीनं दोन्ही भाषांत सेवा द्यायची. निपाणीच्या माणसाला ती पाटी वाचताना काय वाटतं ते इथं कुणाला समजावून सांगायची गरज नाही. ताम्पेरे एकभाषी आहे, त्यामुळं तुला स्वीडिशची काळजी नाही.

तिलकवाडीकर

आक्का, मान्य. मी ऑफिसापुरतं बोललो. जेवणघरात, दवाखान्यात, कारखान्यात काम करणाऱ्याला माझा हिशेब लागू होत नाही. मराठीतल्या 'नाहीस, नाहीत'चं तर मला कधी सुचलंच नव्हतं. मालिकांचं आज रात्रीच करून बघतो.

मलप्रभाकाठ

आक्का, दादा, मनापासून आभार. कन्नड वही आजच सुरू केली. आणि आक्का, काल कामावर 'विएन्क्स मॅ नॅऽ?' म्हणून बघितलं. ती बाई 'योऽ, कीत्ति!' म्हणाली आणि पुढं दोन वाक्यं फिनिशमध्येच बोलली. दुसरं कळलं नाही, पण इंग्रजीवर गेली नाही.

आता एक घाईचं. कामाच्या व्हॉट्सॲप गटात सगळे बोलीतच लिहितात, आणि भाषांतराच्या ॲपला ते नीट उलगडत नाही. आत्ता मला निरोप आलाय: "मोरो! पॅऽसेक्सॅ हुओमेन्ना तेकेऽन वुओरोन पुओल कोल्मेस्ता?" उद्याच्या पाळीबद्दल आहे एवढं कळलं. कोल्मे म्हणजे तीन, पुओलि म्हणजे अर्धा. म्हणजे साडेतीन ना? साडेतीनला असेल तर जमेल, त्याआधी प्रयोगशाळा आहे, दोनला सुटते. काय उत्तर देऊ?

नंदगडची आक्का

थांब, साडेतीन नव्हे, अडीच! फिनिशमध्ये 'पुओलि कोल्मे' म्हणजे तिसऱ्या तासाचा अर्धा, दोन वाजून तीस मिनिटं. आपल्या 'अडीच'चा हिशेब तोच आहे, तीनला अर्धा कमी, त्यामुळं 'साडे' डोक्यातून काढून टाक आणि नेहमी पुढच्या आकड्यातून अर्धा वजा कर. पुओलि नेल्यॅ साडेतीन, पुओलि वीसि साडेचार. पाळीच्या निरोपात हे आधी तपासायचं.

बाकीचं उलगडून देते. 'पॅऽसेक्सॅ' पुस्तकात 'पॅऽसेत्को', जमेल का, येऊ शकशील का. हुओमेन्ना उद्या. 'तेकेऽन' पुस्तकात 'तेकेमॅऽन', करायला. मधला 'मॅ' गाळतात, ही वाटही लक्षात ठेव, पुष्कळ क्रियापदांत दिसेल. वुओरो म्हणजे पाळी. शेवटचा 'स्ता' म्हणजे पासून. 'उद्या अडीचपासून पाळी करायला जमेल का?' एवढंच विचारलंय. किती वाजेपर्यंत ते लिहिलेलं नाही, ते तू विचार.

हे निरोप पुसू नकोस. बोली सावकाश, डोळ्यापुढं थांबून वाचायला मिळते अशी दुसरी जागा नाही. रोज एक निरोप वहीत उतरव आणि खाली पुस्तकी रूप लिही. वर्गातल्या बाईंना दाखव, त्या आनंदानं तपासून देतील.

दोनला सुटून अडीचला पोचता येत असेल तर लिही: "योऽ पॅऽसेन! मिहिन आस्ति?" हो, जमेल, किती वाजेपर्यंत? जमत नसेल तर: "एन पॅऽसे, मुल्ला ओन लुएन्तो." जमणार नाही, मला तास आहे. कारण लांबलचक द्यायची इथं पद्धत नाही, एवढ्यात कुणी वाईट वाटून घेत नाही. येणार असशील तर शेवटी 'नॅह्दॅऽन हुओमेन्ना' घाल, उद्या भेटू. आणि अडीच म्हणजे अडीचला कपडे बदलून, हात धुऊन उभं असायचं, तेव्हा आधीची बस धर.